यांकोविच कुठून बघायला सुरुवात करावी, आणि त्यात हंगेरी नेमकी कुठे दिसते

प्रश्न थोडक्यात असा होता: अ‍ॅनिमेशनच्या शेवटच्या वर्षाला असलेल्या एका मुलाला लोककथेवर फिल्म करायचीय, कुणीतरी त्याला सांगितलं हंगेरीचा अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक यांकोविच बघ, त्याने त्याचा 'फेहेरलोफिया' हा सिनेमा लावला, वीस मिनिटांत डोकं गरगरलं, आणि आता तो विचारतोय की हे तर नुसतं रंगीबेरंगी नशेतलं काहीतरी वाटतंय, यात ती 'राष्ट्राची स्मृती' की काय म्हणतात ती कुठेय?

तुझा प्रश्न बरोबर आहे, लाजू नको. मी पहिल्यांदा बघितला तेव्हा माझंही डोकंच दुखलं होतं. पण तू सुरुवातच सगळ्यात अवघड जागेवरून केलीस, म्हणजे घाटाची ओळख नसताना थेट कड्यावर चढल्यासारखं. म्हणून जरा मागून येऊया.

आधी नाव. हंगेरियनमध्ये 'सी'चा उच्चार 'त्स' होतो आणि 'सीएस'चा 'च', त्यामुळे मार्त्सेल यांकोविच. जन्म १९४१, बुडापेस्ट. गेला मे २०२१ मध्ये. मधली ऐंशी वर्षं म्हणजे हंगेरीने युद्ध, स्टालिनवाद, १९५६ चा राजवटीविरुद्धचा उठाव, मग ती जरा सैल झालेली कम्युनिस्ट राजवट आणि १९८९ मध्ये ती कोसळल्यानंतरचा बाजार असं सगळं बघितलं, आणि या माणसाने त्यातलं बहुतेक स्वतःच्या घरात बघितलं. वडील नॅशनल बँकेत होते, १९५० मध्ये खोट्या आरोपांवरून त्यांना जन्मठेप झाली आणि पुढच्या वर्षी उरलेल्या कुटुंबाला बुडापेस्टमधून उचलून ओचोद नावाच्या खेड्यात नेऊन टाकलं. तेव्हा 'वर्गशत्रू' ठरवलेल्या शहरी कुटुंबांना असंच हाकलायचे. मुलगा नऊ-दहा वर्षांचा. पुढे पान्नोनहाल्मा इथल्या बेनेडिक्टाइन साधूंच्या शाळेत शिकला, कॉलेजला मात्र घराण्याच्या डागामुळे दार बंद, मग काही दिवस अंगमेहनतीची कामं आणि १९६० मध्ये पान्नोनिया या सरकारी अ‍ॅनिमेशन स्टुडिओत भरती, तीसुद्धा सगळ्यात खालच्या पायरीवर, इन-बिटवीनर म्हणून.

इथे मला त्याच्याबद्दल आपुलकी वाटायला लागते, कारण मीही तिथूनच आलोय. ज्यांनी हे काम केलं नाही त्यांना सांगतो, मोठा आर्टिस्ट दोन मुख्य ड्रॉइंग काढतो आणि तुम्ही लाइटबॉक्सवर मान मोडून त्यांच्या मधली सहा-आठ काढायची, कोटा पूर्ण करायचा, नाव कुठेही येत नाही. आमच्या स्टुडिओत (नाव जाऊ दे) परदेशातून आलेल्या मालिकांची अशी हजारो ड्रॉइंग मी काढली आणि पात्राचं नावही कित्येकदा माहीत नसायचं. पण या कामातून एक गोष्ट हाडात मुरते, ती म्हणजे एक आकार दुसरा आकार होताना मधे काय काय होतो. यांकोविचची पुढची सगळी कारकीर्द मला त्या 'मधल्या'वरच उभी राहिलेली दिसते. हे लक्षात ठेव, परत लागेल.

साठच्या दशकात त्याने स्टुडिओची नेहमीची कामं केली, त्यात 'गुस्ताव' ही मालिका मोठी होती, एक टकला मध्यमवर्गीय गृहस्थ आणि त्याच्या रोजच्या फजित्या. हात बसला, टायमिंग आलं. यावर जास्त बोलत नाही.

खरी गोष्ट सुरू होते १९७३ ला. कवी शांदोर पेतोफीच्या जन्माला दीडशे वर्षं होत होती. पेतोफी म्हणजे १८४८ च्या क्रांतीचा कवी, १८४९ मध्ये रणांगणावर गेला तो सव्वीस वर्षांचा असताना, हंगेरीत शाळेत गेलेल्या प्रत्येकाला तो येतोच. त्याची 'यानोश वितेझ' म्हणजे 'वीर यानोश' ही दीर्घ कथाकविता, १८४५ ची: मेंढ्या राखणारा एक अनाथ पोरगा, त्याचं इलुश्कावर प्रेम, कळप हरवतो म्हणून हाकलला जातो, हुसार घोडेस्वारांत भरती होतो, फ्रान्सच्या राजाला वाचवतो, परत येतो तर इलुश्का मेलेली, तिच्या थडग्यावरचं गुलाबाचं फूल घेऊन राक्षस-चेटकिणींच्या मुलखातून परीराज्यात पोचतो आणि ते फूल तळ्यात टाकल्यावर ती जिवंत होते. राजवटीला पेतोफी चालायचा, क्रांतिकारक ना, त्यामुळे जयंतीला काम मिळालं आणि हंगेरीची पहिली पूर्ण लांबीची अ‍ॅनिमेशन फिल्म तयार झाली. दिग्दर्शक यांकोविच, वय एकतीस-बत्तीस.

आता हा सिनेमा बघताना लोक म्हणतात की हे तर त्या काळच्या पाश्चात्त्य पॉप पोस्टरसारखं दिसतंय, आणि दिसतंच, फुगीर सपाट आकार, भडक रंग, यांकोविच काही आकाशातून पडला नव्हता. पण नीट बघ, फुलं बघ. मेंढपाळांच्या अंगरख्यावर जे भरतकाम असतं, लाकडी पेटाऱ्यावर जी ट्युलिपं रंगवलेली असतात, ती इथे सजावट म्हणून मागे लावलेली नाहीत, तीच हलतायत. सूर्य उगवतो तो फुलासारखा उघडत, प्रेम होतं तेव्हा दोघांचे आकार एका नक्षीत मिसळतात. म्हणजे कवितेतली उपमा त्याने चित्रात 'दाखवली' नाही, ती घडवली, कारण अ‍ॅनिमेशनमध्ये 'सारखं' हा शब्द लागतच नाही, अमुक तमुकासारखं म्हणायच्या ऐवजी ते तमुक होऊनच जातं.

त्यानंतरच्या दोन छोट्या फिल्म्स तू आज रात्रीच बघ, दोन्ही मिळून पाच मिनिटंही नाहीत. 'सिसिफस', १९७४. काळी शाई, पांढरा कागद, एकच सलग शॉट, एक माणूस दगड वर ढकलतोय. बस. जोर लागला की रेघ जाड होते, दमला की ती इतकी बारीक होते की माणूस तुटेल असं वाटतं. याला ऑस्करचं नामांकन मिळालं आणि गंमत म्हणजे तीसेक वर्षांनी अमेरिकेत सुपर बोलच्या, म्हणजे तिकडच्या फुटबॉलच्या अंतिम सामन्याच्या वेळी एका मोठ्या हायब्रिड गाडीच्या जाहिरातीत हीच फिल्म वापरली. दुसरी 'क्युझदोक', म्हणजे झुंजणारे: शिल्पकार पुतळा घडवतोय आणि पुतळाही छिन्नी घेऊन शिल्पकाराला तासतोय. कान चित्रपट महोत्सवात १९७७ मध्ये छोट्या फिल्म्सचा पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, हिला मिळाला. यात हंगेरी कुठे आहे असं विचारशील तर वरवर कुठेच नाही. पण ज्या माणसाच्या बापाला राजवटीने आत टाकलं आणि जो त्याच राजवटीच्या स्टुडिओत पगार घेऊन तिच्या जयंत्या साजऱ्या करतोय, त्याने ही फिल्म काढलीय हे डोक्यात ठेवून बघ. कोण कुणाला घडवतंय? हा माझा अर्थ आहे, त्याने असं म्हटल्याचा माझा दावा नाही.

आता मधे एक मालिका, आणि माझं प्रामाणिक मत विचारशील तर 'फेहेरलोफिया'च्या आधी ही बघायला हवी होती. 'मॉजॉर नेपमेशेक', हंगेरियन लोककथा. हे काम केचकेमेट गावातल्या स्टुडिओत झालं, पान्नोनियाची ही शाखा १९७१ मध्ये फेरेन्त्स मिकुलाशने उभी केली. सत्तरच्या दशकाच्या शेवटी काम सुरू झालं आणि २०१२ पर्यंत शंभर भाग झाले. सगळे यांकोविचने केले नाहीत हं, मारिया होर्वात आणि इतरांचा फार मोठा वाटा आहे, पण सुरुवातीची दिशा देणाऱ्यांत तो होता. प्रत्येक भाग सात-आठ मिनिटांचा. कालाका नावाच्या लोकसंगीताच्या बँडची ती शीर्षकधून, नक्षीतला पक्षी, आणि म्हाताऱ्या माणसाने ओट्यावर बसून सांगावं तसं निवेदन.

आणि यातली खुबी सांगतो. गोष्ट ज्या भागातली तिथलीच नक्षी. एका गोष्टीत भरतकाम, दुसरीत मातीच्या भांड्यावरचं रंगकाम, तिसरीत लाकडी सामानावरची फुलं. आता कारागिराने ती नक्षी काढली होती स्थिर राहायला. तिला हलवायचं म्हणजे तिचं व्याकरण कळावं लागतं, पान कुठल्या बाजूला वळतं, देठ कुठून फुटतो, सममिती कुठे मोडली तर चालते. नुसतं कॉपी करून भागत नाही. एक प्रसंग संपून दुसरा सुरू होतो तोही कटने नाही, वेल वाढते आणि वेलीतून घर होतं. परत तेच, ते 'मधलं'. हंगेरीत दोन-तीन पिढ्या या मालिकेवर वाढल्या, आता इंग्रजी डबिंगसकट यूट्यूबवर आहे, सब्सक्राइब करून टाक.

हे चारपाच भाग बघून मग 'फेहेरलोफिया'कडे ये. १९८१. नावाचा अर्थ पांढऱ्या घोडीचा पोर. जगाच्या झाडाच्या ढोलीत एक पांढरी घोडी मुलाला जन्म देते, तो सात वर्षं दूध पितो, झाडाची साल सोलता येत नाही म्हणून अजून सात वर्षं पितो, मग निघतो. वाटेत दोन भाऊ भेटतात, एक दगडांचा चुरा करणारा, एक लोखंड मळणारा, आणि हा स्वतः झाडं उपटणारा. तिघं पाताळात अडकलेल्या राजकन्यांना सोडवायला जातात, खाली तीन ड्रॅगन, तीन डोक्यांचा, सात डोक्यांचा, बारा डोक्यांचा. शेवटी ग्रिफिन या अर्ध्या गरुड-अर्ध्या सिंहाच्या काल्पनिक पक्ष्याच्या पाठीवर बसून वर येताना खायला काही उरत नाही तेव्हा नायक स्वतःचे पाय कापून त्याला भरवतो. हे सगळं लोककथेतलंच आहे, अशा कथा युरेशियाभर सापडतात.

तुझं डोकं गरगरलं त्याचं कारण तांत्रिक आहे. पात्रांना काळी आउटलाइनच नाही. आपण कार्टून वाचतो ते आउटलाइनच्या आधाराने, पात्र इथे संपलं, मागचं चित्र इथे सुरू झालं. ती काढून घेतली की आकृती आणि पार्श्वभूमी एकमेकांत वाहायला लागतात, डोळ्याला टेकायला जागा मिळत नाही. सेलच्या, म्हणजे पारदर्शक शीटवर हाताने रंगवायच्या जमान्यात हे करणं म्हणजे काय वैताग असेल, रंगाच्या कडेला रंगच भिडवायचा, जरा हात हलला तर लपवायला रेघ नाही. मी एकदा तीस सेकंदांचा शॉट असा करून बघितला होता, कॉम्प्युटरवर, तरी पंधरा दिवस गेले आणि शेवटी क्लायंटने विचारलं की बॉर्डर लावायची राहिलीय का.

पण त्याला ते हवंच होतं. कारण त्याच्या डोक्यातली मूळ कल्पना अशी होती की काळ फिरून फिरून येतो, वीर म्हणजे सूर्य, दिवस-रात्र, ऋतू, सगळं चक्र. आणि तो स्वतः सांगायचा की पहिला आराखडा वरून नाकारला गेला, कारण मार्क्सवादात इतिहास पुढेच जातो, काळ गोल फिरतो हे चालणार नाही! विचार कर, सेन्सॉरला राजाराणीवर आक्षेप नाही, वर्तुळावर आहे. मग त्याने पटकथा बदलली, गोष्ट परीकथेसारखी सरळ केली, आणि वर्तुळ नेऊन ठेवलं चित्रात. फ्रेमा बघ, मधोमध सूर्य, दोन्ही बाजूंना सममिती, सगळं केंद्रातून फुलतंय आणि केंद्रात मिटतंय. कथेतून काढलेली गोष्ट आकारात शिल्लक राहिली. माझ्या मते त्याच्या सगळ्या कामाची किल्ली हीच आहे. कागदावरचा शब्द अधिकाऱ्याला वाचता येतो, खोडता येतो, रेघेतली सवय त्याला वाचताच येत नाही.

आणि नुसतं जुनंच नाही बरं का. पहिला ड्रॅगन दगडी मूर्तीसारखा आहे, दुसरा रणगाड्यासारखा यंत्रांचा, आणि बारा डोक्यांचा तिसरा म्हणजे चक्क आधुनिक शहर, उंच इमारतींची रांग. म्हणजे आठवण म्हणजे फक्त 'पूर्वी किती छान होतं' असं नाही.

आता वादाचा भाग, तोही सांगायला हवा, नाहीतर मी भक्त ठरेन. सिनेमा स्किथियन, हूण, आवार अशा भटक्या घोडेस्वार लोकांच्या स्मृतीला अर्पण केलाय. हंगेरियन लोक हुणांचे वंशज ही समजूत तिकडे शेकडो वर्षं आहे, पण भाषाशास्त्र सांगतं की हंगेरियन भाषा फिनिशच्या लांबच्या कुळातली, उराली. त्यामुळे 'आम्ही हुणांचे' हे तिकडे नुसतं रोमँटिक नाही, राजकीयही आहे, आज तर फारच. यांकोविच पुढे राष्ट्रीय सांस्कृतिक निधीचा अध्यक्ष झाला, हंगेरियन कला अकादमीत पदावर होता, परंपरेच्या बाजूने उघड बोलायचा, आणि त्याची काही भाषणबाजी मला झेपत नाही. त्याची पुस्तकं मात्र, झाडाच्या मिथकांवर, सूर्यावर, वर्षभराच्या प्रतीकांवर, ती अभ्यासाने लिहिलेली आहेत, चित्र काढायच्या आधी हा माणूस किती खणायचा ते कळतं. मी काय करतो, सिनेमातला हूण मी पूर्वज म्हणून बघत नाही, स्वप्न म्हणून बघतो, आणि तसं बघितलं की तो टिकतो. तुला पटेलच असं नाही.

आणि आता तो राक्षसी प्रकल्प. इमरे मादाचचं नाटक 'माणसाची शोकांतिका', १८६० च्या सुमाराचं. ४८ ची क्रांती चिरडली गेलेली, मादाच स्वतः एका फरारी क्रांतिकारकाला आसरा दिला म्हणून तुरुंगात जाऊन आलेला, आणि तो लिहितो आदम-हव्वा आणि सैतानाची गोष्ट: सैतान दोघांना झोपवून सगळा मानवी इतिहास स्वप्नात दाखवतो. आदम कधी इजिप्तचा फेरो, कधी अथेन्सचा सेनापती मिल्टियाडीझ, कधी प्रागमधला खगोलशास्त्रज्ञ केपलर, कधी पॅरिसमध्ये क्रांतिकारक दाँताँ, मग लंडन, मग भविष्यातली यांत्रिक वस्ती, मग गोठलेली पृथ्वी. प्रत्येक वेळी मोठी कल्पना, प्रत्येक वेळी तिची माती. पंधरा प्रवेश. यात हंगेरी एकदाही येत नाही आणि तरी हे त्यांचं राष्ट्रीय नाटक आहे. पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला तर काही वर्षं ते रंगभूमीवर येऊ देत नव्हते, इतका तो 'मोठ्या कल्पनेची माती' प्रकार झोंबला असणार.

यांकोविचने पटकथा १९८३ मध्ये लिहिली, काम सुरू झालं ८८-८९ च्या आसपास, आणि सिनेमा पूर्ण झाला २०११ ला. बावीस-तेवीस वर्षं! कारण सोपं आहे, सुरू झाला आणि राजवटच कोसळली, सरकारी स्टुडिओचा पैसा आटला. ती व्यवस्था जाचक होती पण पगार देत होती, हे पूर्व युरोपातले सगळे अ‍ॅनिमेटर जरा ओशाळून कबूल करतात. मग तो एकेक प्रवेश सुटा करत गेला, पैसे जमले की एक, परत थांब, परत एक, मधे वर्षानुवर्षं पान्नोनियाचा कारभारही सांभाळला. प्रत्येक युगाला त्या युगाची चित्रशैली, इजिप्तला भिंतीवरची चित्रं, ग्रीसला भांड्यांवरची, प्रागला जुन्या छापचित्रांची रेघ. लंडनच्या प्रवेशात तर मादाचने न बघितलेलं विसावं शतकही एका भल्यामोठ्या फिरत्या पाळण्यावर बसवून आणलंय.

खरं सांगू? अडीच तासांच्या वर आहे, संवाद नाटकाचे जसेच्या तसे भरगच्च, आणि एका बैठकीत बघताना मी दोनदा झोपलोय. सबटायटल वाचू की चित्र बघू असं होतं. तू रोज एक प्रवेश बघ, तो बनलाही तसाच आहे.

शेवटचं काम 'तोल्दी'. कवी यानोश आरान्यचं १८४६ चं काव्य, प्रचंड ताकदीचा, भावाने छळलेला एक तरुण आणि त्याचं नाव परत मिळवणं. बारा सर्ग, बारा भाग, काम परत केचकेमेटमध्येच. मालिका २०२१ मध्ये आली, त्याच वर्षी तो गेला, आणि मग २०२२ मध्ये त्यातून सिनेमा झाला, सहदिग्दर्शक लायोश चाकोविच. आता एक गंमत बघ. 'तोल्दी' लिहिल्यावर पेतोफीने न भेटलेल्या आरान्यला कवितेतून पत्र पाठवलं आणि दोघं जिवाभावाचे मित्र झाले. म्हणजे यांकोविचचा पहिला मोठा सिनेमा एका मित्राच्या कवितेवर आणि शेवटचं काम दुसऱ्या मित्राच्या. मधे अठ्ठेचाळीस वर्षं. वर्तुळ नाकारणाऱ्या त्या अधिकाऱ्याला कुणीतरी हे सांगायला हवं होतं.

तर क्रम असा ठेव: आधी दोन छोट्या फिल्म्स, मग लोककथांचे चारपाच भाग, मग 'यानोश वितेझ', मग 'फेहेरलोफिया' परत एकदा, २०१९ च्या सुमाराला केलेली ४के रिस्टोअर केलेली प्रिंट मिळव, जुन्या अंधुक कॉपीवर रंगांचा चिखल होतो आणि मग डोकं दुखणारच.

आणि तुझ्या फिल्मचं. तू लिहिलंयस की पात्रांना फेटे, नऊवारी आणि मागे वाडा काढणार आहेस. काढ, पण ती वेशभूषा झाली. त्याआधी एक कर. घरात आजीची पैठणी असेल तर पदरावरचा मोर ट्रेस करून घे. विणलेला आहे, म्हणून त्याच्या कडा पायऱ्यापायऱ्यांच्या आहेत, त्या गुळगुळीत करू नको. आता तो उडाला तर पंख कुठून उघडेल आणि उघडताना मधे त्याचं काय काय होईल, ते बारा ड्रॉइंगमध्ये काढ, आउटलाइनशिवाय. झालं की दाखव, मग आपण गोष्टीबद्दल बोलू.